कांजी सुटी घोकू नका, शब्दातून शिका

जपानीच्या हिरागाना आणि काताकाना या दोन उच्चारलिपी, प्रत्येकी ४६ अक्षरं, न अडखळता वाचता येईपर्यंत कांजीला, म्हणजे चीनहून आलेल्या अर्थचिन्हांना, हात लावू नका. कांजीचे उच्चार याच अक्षरांत दिलेले असतात, आणि रोमन लिपीची कुबडी एकदा घेतली की सुटत नाही.

रोजच्या वापरासाठी ठरवलेल्या 'जोयो' कांजी २१३६ आहेत. पण जपानी मुलंही पहिलीत फक्त ८० शिकतात आणि प्राथमिकच्या सहा वर्षांत १०२६. त्या ८० पासूनच सुरुवात करा. रोज नव्या पाच पुरे, कारण आठवडाभरात उजळणीचाच ढीग साचतो.

एका चिन्हाला अनेक उच्चार का, हे मराठी माणसाला पटकन कळायला हवं. तहान लागली की आपण 'पाणी' मागतो, पण खातं मात्र 'जलसंपदा'. तसंच पाण्याची कांजी एकटी असली की 'मिझु' (देशी उच्चार, कुन्योमी) आणि जोडशब्दात बहुधा 'सुइ' (चीनहून आलेला, ओन्योमी): बुधवार 'सुइयोबी', नळाचं पाणी 'सुइदो'. जगणं, जन्मणं, कच्चं असे अर्थ असलेल्या एका कांजीचे तर आठ-दहा उच्चार आहेत. त्यांची यादी पाठ करून काही हाती लागत नाही. 'गाकुसेइ' म्हणजे विद्यार्थी, 'इकिरु' म्हणजे जगणं, असे शब्द शिका. उच्चार आपोआप येतात. क्रियापदात कांजीमागे हिरागानाची शेपटी असते, तीही सोबतच लिहा. 'ताबेरु'मध्ये (खाणं) 'ता' कांजीत, 'बेरु' शेपटीत. 'ताबेमास', 'ताबेता' करताना बदलते ती शेपटीच.

लिहायला गणिताची चौकटीची वही घ्या. चार चौकटी मिळून एक कांजी, म्हणजे मधल्या रेघा अक्षर तोलायला आयत्या मिळतात. क्रम असा: वरून खाली, डावीकडून उजवीकडे, आणि रेघा एकमेकींना छेदत असतील तर बहुतेकदा आडवी आधी. आपला हात इथेच चुकतो, कारण शिरोरेघ शेवटी ओढायची सवय असते. 'झाड' लिहिताना आधी आडवी, मग उभी, मग डावीकडे आणि उजवीकडे उतरणाऱ्या दोन तिरक्या. 'तोंड' हा नुसता चौकोन, पण रेघा तीनच: डावी उभी, वरची आडवी आणि उजवी उभी पेन न उचलता, शेवटी खालची. 'देश'सारख्या बंद चौकटीत आतला मजकूर आधी भरायचा आणि तळाची रेघ सर्वांत शेवटी, म्हणजे माणसं आत आल्यावर दार लावल्यासारखी. रेघेचं टोक तीन प्रकारचं: थांबवलेलं (तोमे), आकड्यासारखं उडवलेलं (हाने), निमुळतं सोडलेलं (हाराइ).

एकच कांजी ओळीने वीस वेळा उतरवणं हा सगळ्यात वाईट सराव. दहाव्या वेळी तुम्ही पुस्तकातली नव्हे, स्वतःचीच नववी नक्कल करत असता, चुकीसकट. त्याऐवजी शब्द बघा, झाका, आठवून लिहा, ताडून पाहा. असं पाच वेळा, मग दुसऱ्या, तिसऱ्या आणि सातव्या दिवशी एकेकदा.

दिसायला सारख्या कांजी शेजारी शेजारी लिहून ठेवा. 'माती'त वरची आडवी रेघ आखूड. खालची आखूड केलीत की 'सामुराइ' झाला. 'मात्सु' (वाट पाहणं) आणि 'मोत्सु' (हातात धरणं) यांची उजवी बाजू एकच, 'देऊळ' ही कांजी. पहिल्यात डावीकडे चालण्याचा घटक, दुसऱ्यात हाताचा. देवळाचा 'जि' हा ओन्योमी 'धरणं' आणि 'वेळ' या कांजींतही 'जि'च राहतो, 'वाट पाहणं'त मात्र 'ताइ' होतो. तेव्हा घटकावरून उच्चाराचा अंदाज जरूर बांधा, पण शब्दकोश उघडून खात्री करा.

पुण्या-मुंबईत अनेक जण देतात त्या जेएलपीटी या जपानी भाषेच्या परीक्षेत हाताने कांजी लिहावी लागत नाही, पर्याय निवडायचे असतात. तरी पहिल्या दोनशे-तीनशे हातानेच लिहा. तेवढ्यात घटक बोटांत बसतात. पुढच्या नुसत्या वाचून आणि फोनवर टाइप करून शिकल्या तरी चालतं.