टेक्स्चर पॅक दिसेना तेव्हा

प्लेस्टेशन २ वर २००३ साली आलेला 'हिअर कम्स द पेन' हा कुस्तीचा खेळ पीसीसाठी कधीच निघाला नाही. तरीही पीसीएसएक्स२ हा एम्युलेटर (पीसीवर प्लेस्टेशन २ ची नक्कल करणारा प्रोग्राम) आणि चाहत्यांनी नव्याने रंगवलेले चेहरे व पोशाख यांच्या बळावर तो आज पीसीवर जिवंत आहे. माझ्या युरोपीय डिस्कवरून मी खेळ सुरू केला, त्या नव्या चित्रांचा संच म्हणजे टेक्स्चर पॅक टाकला, तो वापरण्याचे सेटिंगही चालू केले, पण मल्ल जुन्याच धूसर पोशाखात रिंगमध्ये उतरले. दोन संध्याकाळी मी बिचाऱ्या ग्राफिक्स कार्डाला दोष देत बसलो.

खरे कारण वेगळेच होते. एम्युलेटर डिस्कच्या अनुक्रमांकाच्या नावाचा फोल्डर शोधतो आणि त्यातल्या 'रिप्लेसमेंट्स' या उपफोल्डरमधूनच चित्रे उचलतो. पॅकमधला फोल्डर 'एसएलयूएस'ने सुरू होणारा, म्हणजे अमेरिकी आवृत्तीचा होता, तर माझी डिस्क 'एसएलईएस'ची. नाव बदलताच बहुतेक पोशाख झळकले. एका मल्लाची पाठ मात्र तशीच राहिली, कारण सोयीसाठी (कसली सोय!) मी पाठीच्या चित्राच्या फाइलला त्या मल्लाचे नाव देऊन ठेवले होते, आणि फाइलचे मूळ लांबलचक हॅशचे नाव (चित्रावरूनच काढलेला अक्षर-अंकांचा संकेत) हीच तर चित्राची ओळख असते. डम्प पुन्हा काढून, म्हणजे खेळातली मूळ चित्रे एम्युलेटरकरवी फाइलींत उतरवून, मूळ नाव जसेच्या तसे दिले, तेव्हा पाठीवरचा टॅटू एकदाचा उमटला.