भूतकाळाचे नकाशे: नवख्यांसाठी चार अनुभवाच्या गोष्टी

पहिलंच सांगतो, हा विषय कुठल्याही विद्यापीठात शिकवत नाहीत. 'भूतकाळमापन' हे नाव आम्ही तिघांनी टपरीवर चहा पिता पिता ठेवलं. कोटी मुद्दाम केलेली आहे. कुठलं भूत कुठे, कधीपासून कधीपर्यंत, ते नकाशावर मांडायचं, एवढंच काम. भुतं असतात की नसतात या वादात पडू नका, त्यात रात्र सरते आणि नकाशा कोराच राहतो.

सामान थोडकंच लागतं. सर्व्हे ऑफ इंडियाचे पन्नास हजारी (१:५०,००० प्रमाणाचे) नकाशे, क्यूजीआयएस हे नकाशे करायचं, फुकट मिळणारं सॉफ्टवेअर आणि एक वही. कोकणात काम करायचं असेल तर एन्थोव्हेन या इंग्रज अधिकाऱ्याने १९१५ साली काढलेला तिथल्या लोकसमजुतींचा खंड मिळवाच. त्यातलं साहित्य जॅक्सनने जमवलेलं. हाच तो नाशिकचा कलेक्टर, १९०९ साली अनंत कान्हेरेंनी ज्याला गोळी घातली. माहिती आली गावोगावच्या शाळामास्तरांकडून, म्हणून नोंदींखाली 'शाळामास्तर, अमुक गाव' असं सापडतं. आपल्याला आणखी काय हवं? समजूत आणि गाव आयतं हातात, तेही शंभर वर्षांपूर्वीचं.

आता जिथे सगळेच आपटतात ती गोष्ट. एका भुताला तीन तारखा असतात: माणूस मेला कधी, भूत दिसलं कधी आणि गोष्ट सांगितली कधी. तिन्ही रकाने वेगळे ठेवा. शनिवारवाड्यावर मी पहिला ठिपका ठोकला आणि पुढे 'साल १७७३' लिहून मोकळा झालो. नारायणरावाचा खून ३० ऑगस्ट १७७३ला झाला हे खरं, पण ती मरणाची तारीख. 'काका, मला वाचवा' ऐकू येतं म्हणणारे लोक आजचे. मधे १८२८च्या आगीत वाडा आतून जळून गेला. उरले तट, दरवाजे आणि जोती. नारायणराव ज्या दालनांतून पळाला ती दालनंच नाहीत, मग ठिपका द्यायचा कुठे? मी शेवटी जोत्यांवरून तुटक रेघ ओढली. बरोबर केलं की चूक, अजून कळलेलं नाही.

साल कुणाला थेट विचारू नये. म्हातारी माणसं साल सांगत नाहीत, खूण सांगतात. 'रामदास बोट बुडाली त्याच्या आदल्या पावसात' म्हणजे १९४६. 'कोयनेच्या भूकंपाआधी' म्हणजे डिसेंबर १९६७च्या अलीकडचं नाही. आणि तिन्हीसांजेनंतर विषयच काढू नका. जिथे रात्री सापालासुद्धा 'लांबडं' म्हणतात, तिथे हडळीचं नाव कोण घेणार?

प्रकार लिहिताना सबुरी ठेवा. वेताळ म्हणजे भुतांचा राजा, एवढ्या पुस्तकी माहितीवर मी वेंगुर्ल्याकडच्या आरवलीचा वेतोबा भुतांच्या यादीत घातला होता. ज्यांच्या पडवीत बसलो होतो त्या आजोबांनी वही हातातून काढून घेतली. "भूत? देव तो आमचो. रात्रीचो गावभर फिरता, म्हणान लोक चपला वाहतत. त्यो झिजतत, बघून ये जा." मी गेलो. हातभर लांबीच्या चामड्याच्या चपला रांगेनं मांडलेल्या होत्या. तेव्हापासून माझ्या वहीत देव, राखणदार आणि भूत असे तीन रंग आहेत, आणि रंग मी ठरवत नाही, गाव ठरवतं.

सगळ्यात अवघड रकाना शेवटचा: भूत गेलं कधी? वेंगुर्ल्याकडच्याच एका आजींनी व्हाळावरच्या, म्हणजे ओढ्यावरच्या, साकवाखालचा गिऱ्हा सांगितला. गिऱ्हा म्हणजे पाण्यातलं भूत. साकव केव्हाच वाहून गेला, त्या जागी सिमेंटचा पूल झाला. म्हणून मी विचारलं, "आजी, आता नसेल ना तो?" त्या तांदूळ निवडत होत्या. मान वर न करता म्हणाल्या, "पुलावरसून गाडये जातत रे झिला. पाणी खालसूनच जाता मां?"

तो रकाना मी कोरा ठेवला आहे.