सातबाऱ्यावर नाव आहे म्हणून निर्धास्त? वारसांनो, या चुका टाळा

वडील गेले की दिवसकार्य आटोपताच सातबाऱ्यावर नावे लावण्याची धावपळ सुरू होते. ती करावीच. पण फेरफार नोंद, म्हणजे जमिनीवरचे नाव बदलल्याची सरकारी नोंद, ही महसुलासाठी असते. तिने मालकी मिळत नाही आणि नोंद नसली म्हणून जातही नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने अनेकदा सांगितले आहे. तरी "उतारा माझ्या एकट्याच्या नावावर आहे" म्हणून छाती ठोकणारा भाऊ आणि "आमचं नावच नाही, आता काय मिळणार" म्हणून गप्प बसणारी बहीण घरोघरी आहेत. दोघांचीही चूक एकच: कोणता कागद काय करतो, हे पाहिलेले नाही.

ताजा उतारा बघून भांडायला बसणे

जुन्या सातबाऱ्यावर थोरल्या भावाच्या नावापुढे कधी कधी 'ए.कु.मॅ.' अशी अक्षरे दिसतात. एकत्र कुटुंब मॅनेजर. म्हणजे नाव सगळ्यांच्या वतीने लागलेले, मालकी सगळ्यांची. पुढच्या एखाद्या नोंदीत ही अक्षरे गळाली, की कागदावर तो एकटाच धनी दिसू लागतो. बहिणींची नावे 'इतर हक्क'च्या रकान्यात ढकललेली असतात, ती वेगळीच गोष्ट. उताऱ्यावरचे फेरफार क्रमांक धरून मागे मागे जा आणि प्रत्येक फेरफाराची नक्कल काढा. नाव कोणत्या नोंदीत आणि कशाच्या आधारावर गेले हे हाती असल्याशिवाय वकीलही अंदाजच बांधणार.

वारस नोंदीसाठी तीन महिन्यांत कळवायचे असते. इथे यादीतून हमखास गळतात त्या आई, मयत भावाची बायको-मुले आणि लग्न झालेल्या बहिणी. हिंदू उत्तराधिकार कायद्यात मृत्युपत्र न करता गेलेल्या पुरुषाची पत्नी, मुलगे, मुली आणि आई एकाच पहिल्या वर्गात येतात. (मुस्लिम, ख्रिस्ती कुटुंबांचे नियम वेगळे आहेत, शेजाऱ्याचा सल्ला तिथे चालत नाही.) नोंदीवर हरकत असेल तर नोटिशीच्या पंधरा दिवसांत लेखी द्या आणि पोच घ्या. चावडीवर तोंडी बोललेले कुठेच राहत नाही. मुदत टळून नोंद मंजूर झाली तर प्रांताकडे अपील, आणि अपिलाचीही मुदत गेली असेल तर सोबत विलंब माफीचा अर्ज.

"तिच्या लग्नात खर्च केलाय" हे उत्तर कोर्टात टिकत नाही. या कायद्यातल्या दुरुस्तीमुळे ९ सप्टेंबर २००५ पासून मुलगी वडिलोपार्जित मिळकतीत जन्मानेच सहहिस्सेदार आहे. त्या दिवशी वडील हयात असण्याची अट नाही, हे सर्वोच्च न्यायालयाच्या २०२० च्या विनीता शर्मा निकालाने स्पष्ट केले. मात्र २० डिसेंबर २००४ पूर्वी नोंदणीकृत दस्ताने किंवा कोर्टाच्या हुकूमनाम्याने झालेले वाटप या दुरुस्तीने उकरता येत नाही. आणि वडिलांनी स्वतःच्या कमाईने घेतलेली जागा वडिलोपार्जित नव्हे. ती त्यांनी मृत्युपत्राने हव्या त्याला दिली असेल, तर भांडण मृत्युपत्र खरे की खोटे यावर होते, हिश्शावर नाही.

हक्कसोडपत्रावर 'नुसती सही'

हक्कसोडपत्र म्हणजे मिळकतीतला आपला हिस्सा दुसऱ्या हिस्सेदारासाठी सोडल्याचा दस्त. सर्वांत महागात पडणारी चूक हीच. "तहसीलला कागद द्यायचाय, सही कर" एवढ्यावर बहीण दुय्यम निबंधकासमोर अंगठा देऊन येते. दस्तात तीन गोष्टी वाचा: कोणते गट नंबर, मोबदला घेतला असे लिहिले आहे का, आणि हक्क कोणाच्या लाभात सोडला. आईसाठी सोडायचा होता आणि नाव थोरल्याचे निघाले, असे नंतर कळते. नोंदणी झालेले हक्कसोडपत्र मन बदलले म्हणून परत घेता येत नाही. फसवणूक झाली असेल तर ती कळल्यापासून तीन वर्षांत ते रद्द करण्याचा दावा लावावा लागतो. उलट बाजूही आहे: नुसत्या नोटरीच्या कागदावर किंवा तलाठ्यापुढच्या जबाबात "मला हिस्सा नको" म्हटल्याने स्थावरातला हक्क सुटत नाही. त्या भरवशावर घर बांधायला काढू नका.

सोसायटीतल्या फ्लॅटचा किंवा बँकेतल्या ठेवीचा नॉमिनीही बहुतेक वेळा वारसांच्या वतीने सांभाळणाराच असतो. यावर वाद घालण्यात भावंडे उगाच वर्षे घालवतात.

अर्धवट दावा

सगळे राजी असतील तर कोर्टात कशाला? शेतजमिनीसाठी जमीन महसूल अधिनियमाच्या कलम ८५ खाली तहसीलदारांकडे वाटप मागता येते. हक्काबद्दलच वाद निघाला तर मात्र दिवाणी न्यायालय गाठावे लागते. वाटपाच्या दाव्यात एक वारस किंवा एखादी मिळकत सुटली तर समोरचा वकील पहिला आक्षेप तोच घेतो, म्हणून नांदायला गेलेल्या आत्यांपासून परसातल्या खळ्यापर्यंत सगळे लिहा. प्राथमिक हुकूमनामा हाती आला म्हणून पेढे वाटू नका. त्यात फक्त हिस्से ठरतात. सारा भरणाऱ्या जमिनीची प्रत्यक्ष वाटणी जिल्हाधिकाऱ्यांमार्फत मोजणी होऊन होते, घराची कोर्ट कमिशनरमार्फत, आणि पाठपुरावा केला नाही तर कागद तसाच पडून राहतो.

तोवर एखादा भाऊ आपला अविभक्त हिस्सा परक्याला विकायला निघाला तर नुसते भांडू नका. पहिल्या वर्गातल्या वारसांना एकत्र मिळालेल्या मिळकतीत, उत्तराधिकार कायद्याच्या कलम २२ नुसार, तो हिस्सा आधी विकत घेण्याचा हक्क इतर वारसांना आहे. शेतजमिनीलाही तो लागू आहे. किंमत द्यायची तयारी असल्याचे त्याला लेखी कळवा.