बाळाच्या नावाचा अर्थ तपासताना या चुका टाळा

एखाद्या नावाचा अर्थ चार संकेतस्थळांवर सारखाच दिसला म्हणजे तो खरा, असे मानणे ही सर्वांत घातक चूक होय, कारण या याद्या बहुधा एकमेकींवरून उतरवलेल्या असतात आणि एकीतली चूक सगळ्यांत पसरते. ‘आरव’ म्हणजे ‘शांत’, असे सर्रास सांगितले जाते. प्रत्यक्षात संस्कृतात रव म्हणजे आवाज आणि आरव म्हणजेही आवाज, गलका. निःशब्द या अर्थाचा शब्द ‘अरव’ असा ऱ्हस्व आहे. ‘अनय’ हे नावही कौतुकाने ठेवले जाते, पण नय म्हणजे नीती आणि अनय म्हणजे अनीती, दुर्वर्तन किंवा दुर्दैव. ‘तृषा’ म्हणजे तहान, हे तर मराठी वाचकाला कोश न उघडताही कळावे.

म्हणून नाव प्रथम देवनागरीत, ऱ्हस्वदीर्घ आणि श-ष-स यांसह नीट लिहावे आणि मगच कोशात शोधावे. संस्कृत नावासाठी वामन शिवराम आपटे किंवा मोनियर-विल्यम्स यांचे कोश, तर मराठी शब्दासाठी मोल्सवर्थचा कोश (दुसरी आवृत्ती १८५७) आणि दाते-कर्वे यांचा महाराष्ट्र शब्दकोश पाहावा. हे चारही कोश आज मोबाईलवर विनामूल्य पाहता येतात. नाव जोडशब्द असेल, तर दोन्ही भाग वेगवेगळे तपासावेत. ‘रियांश’मधील अंश खरा आहे, पण सूर्य या अर्थाचा ‘रिय’ असा शब्द संस्कृतात नाही. असे नवे घडवलेले नाव ठेवण्यात काहीच गैर नाही. त्याला ‘वेदांतील नाव’ म्हणणे मात्र गैर आहे.

दुसरी चूक म्हणजे प्रत्येक नावाचे मूळ संस्कृतातच शोधणे. खानदेशात तर ही चूक विशेष जाणवते. गुलाबरावांमधील गुलाब हा फारसीतून आला (गुल म्हणजे फूल, आब म्हणजे पाणी), तर दौलत आणि साहेब हे शब्द मुळात अरबी आहेत. सातपुड्यातील भिल्ल आणि पावरा कुटुंबांतील नावांचा, किंवा अहिराणी बोलणाऱ्या घरांतील जुन्या नावांचा अर्थ विचारायचा असेल, तर ती भाषा बोलणाऱ्या वडीलधाऱ्यांइतका भरवशाचा आधार दुसरा नाही. ओढूनताणून संस्कृत व्युत्पत्ती लावल्याने त्या नावांचा मान वाढत नाही, उलट त्यांचा खरा इतिहास पुसला जातो.

शब्दाचा अर्थ आणि नाव ठेवण्यामागचा हेतू एकच समजणे, हीदेखील चूकच आहे. भिका, धोंडू, दगडू ही नावे आधीची मुले दगावलेल्या घरांत, पुढच्या बाळाला दृष्ट लागू नये आणि त्याने जगावे म्हणून ठेवली जात. पणजोबांच्या अशा नावाची लाज वाटण्याचे काहीही कारण नाही. काही नावांना तर दोन खरे अर्थ असतात. मुक्ताईनगरच्या परिसरात ‘मुक्ता’ म्हटले की मुक्ताई आठवते आणि मोक्षाचा अर्थ मनात येतो, पण मुक्ता म्हणजे मोतीही. अशा वेळी दोन्ही अर्थ सांगावेत.

नावरसाच्या, म्हणजे जन्मनक्षत्राच्या चरणावरून (चौथ्या भागावरून) ठरणाऱ्या अक्षरामुळेही पुष्कळ गोंधळ होतो. हस्त नक्षत्राच्या तिसऱ्या चरणाला ‘ण’ येतो आणि या अक्षराने सुरू होणारे रूढ नाव जवळजवळ सापडत नाही. मग यादीत मिळेल ते नाव, मिळेल त्या अर्थासह स्वीकारले जाते. त्यापेक्षा पत्रिकेतील नाव वेगळे ठेवून व्यवहारातील नाव निवांत निवडण्याची जुनी पद्धत अधिक चांगली.

घाई करण्याचे कायदेशीर कारणही नाही. जन्माची नोंद २१ दिवसांत करावी लागते, पण ती बाळाच्या नावाशिवायही होते. नाव १२ महिन्यांपर्यंत विनाशुल्क आणि त्यानंतर जन्मनोंदणीपासून १५ वर्षांपर्यंत विलंब शुल्क भरून घालता येते. नाव दाखल करताना देवनागरी आणि रोमन, दोन्ही लेखन अक्षर न् अक्षर तपासून घ्यावे, कारण एकदा नोंदलेले नाव बदलणे बरेच अवघड असते.