कोल्हापूरच्या गंगावेशीतल्या दूध कट्ट्यावर शूटिंग करायचं असेल तर

या कट्ट्यावर गवळी म्हशी आणून गिऱ्हाइकासमोरच धार काढून देतात. पहिले तीन-चार दिवस कॅमेरा न घेता जा. रोज त्याच वेळी जा, धारोष्ण दुधाचा पेला घ्या आणि बघत उभे राहा. कुठली म्हैस कुठं बांधतात, उजेड कुठून येतो, रोजची गिऱ्हाइकं कोण, हे वहीत उतरवा. परवानगी प्रत्येक गवळ्याची वेगळी घ्या, एकाच्या होकारावर सगळ्यांना धरू नका. मूकपटांच्या काळातले दिग्दर्शक बाबूराव पेंटर यांनी ज्या गावात स्वतः कॅमेरा घडवला, तिथं ‘कुठला पिक्चर?’ असं विचारणारच. खरं सांगा: गोष्ट नाही, तुमचं रोजचं कामच टिपायचंय.

‘परत एकदा करा’ इथं चालत नाही. धार एकदा काढली की झाली. केसाळ कव्हरचा माइक किंवा ट्रायपॉड अंगाशी आला तर म्हैस बुजते, पान्हा चोरते आणि नुकसान गवळ्याचं होतं. ट्रायपॉड आणूच नका. तिच्या मागं थांबू नका, लाथ बसेल. खांद्याच्या बाजूला, तिला दिसाल असे, दोन मीटरवर उभे राहा.

एक्स्पोजर ऑटोवर ठेवलं की हमखास फसतं. फ्रेमभर काळी म्हैस आली की कॅमेरा उजेड वाढवतो आणि दुधाचा फेस पांढरा सपाट होतो. मॅन्युअलवर या, झेब्रा (फार उजळ भागावर स्क्रीनवर पट्टे दाखवणारी सोय) ९५ वर लावा आणि फेसावर पट्टे उमटणार नाहीत इतपत उजेड ठेवा. म्हैस थोडी काळोखी आली तरी चालेल. वीज ५० हर्ट्झची, म्हणून सेकंदाला २५ फ्रेम आणि शटर १/५० सेकंद. १/६० वर ट्यूबखाली पट्टे सरकताना दिसतात. एखादा स्वस्त एलईडी तरीही लुकलुकला तर १/१०० करून बघा.

लेन्स २४ ते ३५ मिमी पुरते. लांबून झूम केलं की चोरून बघितल्यासारखं दिसतं. काम संपलं तरी दहा आकडे मोजून मगच शॉट थांबवा. पेला विसळणं, पैसे देणं, दोन शब्द बोलणं त्या दहा आकड्यांतच येतं.

सगळ्यात जास्त जीव आवाजात घाला. रिकाम्या चरवीत धार खणखणते आणि चरवी भरत जाईल तसा आवाज जड होतो. निदान एक धार सुरुवातीपासून शेवटपर्यंत वेगळ्या रेकॉर्डरवर अखंड घ्या: ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट, सर्वांत मोठा आवाज रेकॉर्डरच्या मीटरवर −१२ डेसिबलच्या आसपास. गवळ्याला लावलेला लेपल माइक (कपड्याला अडकवायचा छोटा माइक) सदऱ्याला घासतो, टेपनं चिकटवा. शेवटी कट्ट्याचा नुसता आवाज मिनिटभर घ्या, एडिटिंगमध्ये हॉर्न कापलेल्या जागा त्यानंच भरता येतात.

१०० एमबीपीएसला (सेकंदाला १०० मेगाबिट) तासाला ४५ जीबी लागतात, म्हणजे १२८ जीबीचं कार्ड पावणेतीन तासांचं. त्याच दिवशी दोन ठिकाणी कॉपी करा.

कच्चा कट गवळ्यांना दाखवाच. दोन वेगळ्या म्हशी एक म्हणून जोडल्या असतील तर त्यांच्या लगेच ध्यानात येतं.