कथेतलं जीवघेणं धुकं फुसकं निघतंय? या चुका टाळा

एका फॅंटसी कथेत मी एक धुकं आणलं होतं. नाव 'घेर'. डोंगरावरून उतरायचं, गावावर बसायचं आणि मग काहीही व्हायचं. कुणी नाहीसं व्हायचं, कुणाला वेड लागायचं, एकाचा तर चक्क दगड केला होता मी. जितकं अनाकलनीय तितकं भयंकर, असा माझा हिशेब. पहिल्यांदा वाचणाऱ्या मैत्रिणीनं दोनच प्रश्न विचारले. "हे धुकं नक्की करतं काय?" आणि "मग ही माणसं गाव सोडून का जात नाहीत?" माझ्याकडे दोन्हींचं उत्तर नव्हतं.

गूढ म्हणजे काहीही चालतं, ही पहिली चूक, आणि बहुतेक कथा इथेच बसतात. कारण गूढ ठेवा, हवं तर शेवटपर्यंत सांगू नका. पण वागणूक पक्की हवी. कॅमेरूनमधल्या न्योस सरोवराचं उदाहरण घ्या. २१ ऑगस्ट १९८६ च्या रात्री सरोवराच्या तळाशी साठलेला कार्बन डायऑक्साइड उसळून वर आला. हा वायू हवेपेक्षा जड, त्यामुळे तो दऱ्यांमधून पाण्यासारखा खाली वाहत गेला. सुमारे १,७०० माणसं आणि हजारो गुरं गेली. घरं मात्र जशीच्या तशी उभी होती. जे वाचले त्यातल्या कित्येकांना काही तासांनी शुद्ध आली, तेव्हा भोवती सगळं निपचित. सरोवराचं पाणी लालसर झालेलं. त्या रात्री कुणालाच कारण माहीत नव्हतं, तरी त्या वायूला एक सवय होती: तो सखल जागा शोधत होता.

एवढीच सवय मी घेरला दिली. तो उताराला लागतो, चढ चढत नाही. मग गावच बदललं. प्रत्येक घराला माडी आली, दाराशी शिडी आली, पोरं चालण्याआधी चढायला शिकली. गुरांना काही माडीवर नेता येत नाही. त्यामुळे घंटा वाजल्यावर म्हातारी गोठ्यातच थांबते, बैलाच्या गळ्यात हात टाकून. हा प्रसंग मला मुद्दाम रचावा लागला नाही, नियमातून आपोआप आला. लोक गाव का सोडत नाहीत, याचंही उत्तर मिळालं: सुपीक जमीन नेमकी खाली, ओढ्याकाठी आहे.

दुसरी चूक विशेषणांची. 'भयाण', 'अनामिक', 'अंगावर काटा आणणारं'. एका पानात तीनदा आलं की वाचक जांभई देतो. खूण दाखवा. वेंगुर्ला तालुक्यातल्या आरवलीच्या वेतोबाला भक्त चामड्याच्या भल्यामोठ्या वहाणा वाहतात. देव रात्री गावाची राखण करत फिरतो, म्हणून त्या झिजतात, अशी श्रद्धा आहे. (तो राखणदार देव आहे, त्याला भुताखेतांच्या यादीत घालू नका.) कुणी त्याला चालताना पाहावं लागत नाही, झिजलेला तळ पुरतो. माझ्या कथेत आता 'भयाण' हा शब्द नाही. घेर येऊन गेला की चुलीतला निखारा विझलेला असतो आणि दिव्याभोवतीचे किडे खाली पडलेले असतात, बस.

सर्वज्ञ म्हातारा तर कापूनच टाका. तीन पानं बसून सगळा इतिहास सांगणारा. त्याऐवजी लोकांना अर्धवट आणि थोडं चुकीचं ज्ञान द्या. आपला चकवाच बघा ना, वाट चुकवणारं भूत. रानात रात्री माणूस चालत राहतो आणि फिरून त्याच झाडापाशी येतो. २००९ साली 'करंट बायॉलॉजी' या नियतकालिकात एक प्रयोग छापून आला. त्यात डोळे बांधून सरळ चालायला सांगितलेली माणसं गोल गोल फिरली, कधी कधी २० मीटरपेक्षाही लहान वर्तुळात. ढगाळ दिवशी जंगलात डोळे उघडे असूनही तेच झालं. सूर्य दिसत होता तेव्हा मात्र ती बरीचशी सरळ चालली. आणि जुनी माणसं काय सांगायची? चकवा लागला की जागेवर बस, उजाडलं की वाट सापडेल. कारण चुकलेलं, उपाय मात्र अचूक. तुमच्या जगातल्या लोकांनाही असंच एखादं चुकीचं कारण आणि बरोबर उपाय द्या, किंवा उलट. उलट केलंत तर कुणीतरी मरेल. तेही कथेला चालतंच.

नावाबद्दल थोडंसं. 'महातमसप्रलय' वगैरे नको. रोज ज्याच्या भीतीत जगायचं त्याला माणसं छोटं नाव देतात किंवा नावच घेत नाहीत. रात्री सापाला 'लांबडं' म्हणतात, ते काय उगाच?

शेवटी ताईत सापडतो आणि धुकं विरतं, असं लिहिलं असेल तर मागे जा. तो ताईत पहिल्या पाच पानांत कुणाच्या तरी गळ्यात, कुचकामी म्हणून लोंबत नसेल, तर तो फसवणूक वाटणारच.

सगळं दुरुस्त करून मैत्रिणीकडे पुन्हा पाठवलं. तासाभरात उत्तर आलं: "म्हातारीच्या घराला माडी कुठून आली? चौथ्या पानावर तर बैठं घर लिहिलंयस." तेव्हा कुठे मी कागद घेऊन गावाचा नकाशा काढला, प्रत्येक घराशेजारी उंची लिहिली, आणि कळलं की शाळा ओढ्यापेक्षाही खाली बसवली होती.