भाज्यांच्या स्टॉकमध्ये पांढरा मासा: आधी स्टॉक, मग मासा

पहिल्यांदा हा पदार्थ केला तेव्हा मी भाज्या, पाणी आणि मासा एकाच वेळी पातेल्यात घातले. अर्ध्या तासाने गाजर हवं तसं मऊ झालं होतं, पण माशाचा पार भुगा होऊन तळाशी बसला होता. तेव्हापासून एक गोष्ट पक्की धरून ठेवली आहे. भाजीला वेळ लागतो, माशाला लागत नाही. म्हणून स्टॉक, म्हणजे भाज्या उकळून गाळलेलं चवदार पाणी, पूर्ण तयार झाल्यावर, चाखून पसंत पडल्यावरच मासा आत घालायचा. आणि मासा आत असताना पाणी उकळू द्यायचं नाही.

चार माणसांसाठी साधारण ६०० ग्रॅम मासा घ्या: कॉड, हॅडॉक, हेक, हॅलिबट, तिलापिया, पापलेट, जो चांगला मिळेल तो. तुकडे शक्यतो एकाच जाडीचे, दोन-अडीच सेंटिमीटरचे हवेत. अख्खा मासा घेत असाल तर डोळे स्वच्छ आणि फुगीर, कल्ले लाल आणि बोटाने दाबलेली जागा लगेच वर येणारी, एवढं पाहिलं की पुरे. गोठवलेला मासाही चालतो. तो रात्रभर फ्रिजमध्ये ठेवून सुटू द्या, गरम पाण्यात टाकून घाई करू नका.

स्टॉक

सव्वा लिटर पाण्याला एक मोठा कांदा, दोन गाजरं, सेलरीचे दोन दांडे, मिळाल्यास एक लीक (कांद्याच्या जातीची जाड, लांब पात), दोन-तीन लसूणपाकळ्या, एक तमालपत्र आणि पार्सलीचे देठ. पानं शेवटी लागतात, ती बाजूला ठेवा. भाज्या पातळ चिरा, कारण काप जितके पातळ तितकी चव लवकर उतरते. कोबी, फ्लॉवर, ब्रोकोली टाळा. त्यांचा उग्र वास या हलक्या माशाला झाकून टाकतो. बीट घातलंत तर सगळं लाल होईल.

पातेल्यात चमचाभर तेलावर कांदा, लीक आणि गाजर मंद आचेवर सात-आठ मिनिटं परता. रंग येऊ द्यायचा नाही, नुसती घाम फुटल्यासारखी चमक आली पाहिजे. मग बाकीचं सगळं आणि थंड पाणी घाला. एक उकळी आली की आच कमी करून अर्धा तास ठेवा. हाडांच्या स्टॉकसारखे तासन् तास इथे लागत नाहीत. भाज्यांची चव अर्ध्या-पाऊण तासात उतरते आणि त्यापुढे स्टॉक ताजा लागत नाही, शिळ्या भाजीसारखा लागतो. आठ-दहा काळे मिरे शेवटच्या दहा मिनिटांत घाला, आधीपासून उकळले तर कडवटपणा येतो.

आता गाळा, मीठ घाला आणि चाखा. नुसता वाटीभर प्यावासा वाटला तर तयार आहे. पाणचट लागला तर मासा घालण्याआधीच थोडा आटवून घ्या, नंतर ती सोय राहत नाही. ताटात भाज्याही हव्या असतील तर गाळलेल्या स्टॉकमध्ये ताजे काप वेगळे शिजवा. बटाटा असेल तर तो पूर्ण शिजल्यावरच टोमॅटो घाला. आंबटात बटाटा लवकर मऊ होत नाही, बराच वेळ ठेवला तरी मध्ये कडक राहू शकतो.

मासा

स्टॉक होईपर्यंत माशाचं काम उरका. बोट उलट्या दिशेने फिरवून काटे शोधा आणि चिमट्याने काढा. दोन्ही बाजूंनी मीठ लावून पंधरा-वीस मिनिटं फ्रिजमध्ये ठेवा. त्याने मांस जरा घट्ट होतं आणि शिजताना वर येणारा पांढरा फेसकट थरही कमी होतो. मग कागदी टॉवेलने कोरडा टिपा. शेपटीकडचा पातळ भाग खाली दुमडून घ्या, म्हणजे जाडी सारखी होते.

हा मासा इतका नाजूक का, हे कळलं की आच आपोआप जपली जाते. कॉडसारखे मासे चरबी यकृतात साठवतात (कॉड लिव्हर ऑइल तिथूनच येतं), मांसात ती जेमतेम १ टक्का असते. त्यामुळे जास्त शिजलं तर कोरडेपणा झाकायला काही उरत नाही. शिवाय मांसाच्या थरांना जोडणारा पातळ पडदा ५०-५५ अंश सेल्सियसच्या आसपासच विरघळू लागतो. खळखळत्या पाण्यात थर सुटतात आणि तुकडा फुटतो.

पसरट पातेल्यात स्टॉक ओता, तुकडे जेमतेम बुडतील एवढाच. उकळी आणा आणि आच अगदी बारीक करा. इथे पाण्याकडे नीट बघा. वाफ निघतेय, पृष्ठभाग किंचित थरथरतोय आणि कडेला एखादा बुडबुडा सावकाश वर येतोय, असं दिसलं की बरोबर. थर्मामीटर असेल तर ७० ते ८० अंश. तुकडे कातडीची बाजू खाली करून एकेक अलगद सोडा, झाकण ठेवा आणि हलवू नका, उलटू तर अजिबात नका. अडीच सेंटिमीटरच्या तुकड्याला आठ ते दहा मिनिटं लागतात, पातळ तुकड्याला चार-पाच.

पाचव्या मिनिटाला झाकण काढून बघा. कडांचं काचेसारखं अर्धपारदर्शक मांस दुधी झालेलं असेल आणि तो दुधी रंग मधल्या भागाकडे सरकत असेल. सर्वांत जाड जागी सुरीचं टोक घालून किंचित फिरवा. थर सहज सुटले आणि आत काचेसारखी रेघ दिसली नाही, की झालं. थर्मामीटरवर आतलं तापमान ६३ अंश ही सुरक्षित खूण. घरात लहान मूल, गर्भवती किंवा आजारी माणूस असेल तर तिथपर्यंत नक्की जा.

चपट्या झाऱ्याने तुकडे गरम ताटल्यांत काढा. उरलेला स्टॉक मोठ्या आचेवर तीन-चार मिनिटं आटवा, गॅस बंद करा आणि लोण्याचे दोन छोटे तुकडे घालून फेटा. लिंबू आत्ता पिळा. त्याच्या आंबटपणाने माशाचा वास दबतो, आणि उकळत नसल्यामुळे लिंबाचा ताजेपणा टिकतो. पार्सलीची पानं किंवा बारीक चिरलेला शेपू टाका. शेपू आणि पांढरा मासा यांची जोडी मला सर्वांत आवडते. स्टॉक माशाच्या भोवती ओता, वरून नको, म्हणजे शुभ्र थर दिसत राहतात.

उरलेला मासा दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये, थोड्या स्टॉकमध्ये बुडवून ठेवा. दुसऱ्या दिवशी तो पुन्हा उकळण्यापेक्षा थंडच हाताने मोकळा करून उकडलेल्या बटाट्यात कालवा. स्टॉक मात्र गाळून, चांगला उकळून पुढच्या सूपला वापरा.